फुकटचा डाव आणि विकतचा डाव

सोनाराच्या पेटींतून पाटल्या चोरीस गेल्या तर पेटी रिकामी होते, आणि ती रिकामी झालेली पाहिली म्हणजे चोरी झाली हें कोणासहि निराळें सांगावें लागत नाहीं. चोरीची ही कल्पना आपल्या मनांत इतकी खोल रुजलेली आहे कीं, जेथें पेटी रिकामी होत नाहीं तेथें चोरी झाली असें म्हणावयास मन सहसा धजत नाहीं. पुस्तकाची नक्कल काढली, गाणें उतरून घेतलें, चित्रपट इंटरनेटवरून फुकट मिळविला, तरी मूळ वस्तु जागच्या जागीं राहते. मालकाचें पाहूं जातां कांहींच गेलेलें दिसत नाहीं. मग गेलें तें काय? या प्रश्नाचा विचार आम्ही आज एका अशा वस्तूच्या संबंधानें करणार आहों कीं, जी आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांच्या घरीं मुलांच्या अभ्यासाच्या टेबलावर येऊन बसली आहे. ती वस्तु म्हणजे संगणकावर खेळावयाचे खेळ, ज्यांस व्हिडिओ गेम म्हणतात.

वडील मंडळींस हा विषय पोरकट वाटण्याचा संभव आहे. परंतु घरांत नीतीचे धडे ज्या वस्तूंवरून शिकविले जातात त्या बहुधा लहानच असतात. दुकानांतून मुलानें पैसे न देतां एक खोडरबर उचलून आणलें, तर आई त्याला आल्या पावलीं परत पाठविते, आणि आजोबा अस्तेयावर दोन वाक्यें सुनावतात. त्याच मुलानें दोन-तीन हजार रुपये किंमतीचा खेळ त्याचें कुलूप मोडून इंटरनेटवरून उतरवून घेतला, तर तोच मुलगा हुशार ठरतो, आणि आल्यागेल्यांस त्याची करामत कौतुकानें सांगण्यांत येते. एकाच घरांत अस्तेयाचीं हीं दोन मापें कशीं नांदतात, आणि तीं तशीं नांदावीं काय, हा प्रश्न पोरकट खास नव्हे.

संगणकीय खेळांचे प्रकार अनेक आहेत. त्यांपैकीं डावपेचांचे, म्हणजे व्यूहरचनेचे खेळ आम्हीं मुद्दाम निवडले आहेत. हे खेळ म्हणजे बुद्धिबळाचाच वंशविस्तार म्हणावयास हरकत नाहीं. येथें हाताची चपळाई दुय्यम. राज्य वसवावयाचें, धान्य, लांकूड, लोखंड यांची तजवीज ठेवावयाची, सैन्य उभारावयाचें, शेजाऱ्यांशीं तह करावयाचे किंवा मोडावयाचे, हें मुख्य. अमेरिकेंतील सिड मायर यांचा ‘सिव्हिलायझेशन’ हा खेळ १९९१ सालीं निघाला, ‘एज ऑफ एम्पायर्स’ १९९७ सालीं, आणि ‘स्टारक्राफ्ट’ १९९८ सालीं. आणि अजूनहि लोक तीं नांवें घेऊन खेळावयास बसतात. चित्रपट दोन-तीन तासांत संपतो. असला एक डाव कधीं कधीं आठवडाभर पुरतो, आणि खेळ अंगवळणीं पडावयास शेंकडों तास लागतात. शिवाय खेळ विकून झाल्यावरहि कर्ता तो सुधारीत राहतो. एखाद्या पक्षाचें बळ फाजील झालें तर तें कमी करतो, राहिलेल्या चुका दुरुस्त करतो, नवीं राज्यें, नवे नकाशे घालतो. म्हणजे कर्ता आणि गिऱ्हाईक यांचा संबंध वाण्याच्या पुडीप्रमाणें एका देवघेवींत संपत नाहीं. घरच्या वैद्याशीं असावा तसा तो वर्षानुवर्षें चालतो. म्हणून चोरीचा परिणाम विक्रीवर काय होतो आणि निष्ठेवर काय होतो, हे दोन्ही प्रश्न या खेळांत एकत्र पाहावयास सांपडतात.

नुकसानीचा हिशेब मांडतांना दोन्ही पक्ष अतिशयोक्ति करतात. विकणारे म्हणतात, जितक्या चोरट्या प्रती तितकीं गिऱ्हाइकें गेलीं. घेणारे म्हणतात, आम्ही नाहीं तरी विकत घेणार नव्हतोंच, मग तुमचें गेलें काय? मासिकें वाचणाऱ्या मंडळींस या वादांतील तथ्य चटकन् उमगेल. एका अंकावर घरांतील दहा माणसें तुटून पडतात. नंतर तो शेजारीं जातो, शेजाऱ्यांच्या मेहुण्याकडे जातो, आणि मलपृष्ठ गमावून परत येतो. या सर्व वाचकांस बुडालेले वर्गणीदार समजून जो चालक रडत बसेल तो वेडा ठरेल. कारण त्यांतील बहुतेकांनीं वर्गणी कधींच भरली नसती. परंतु त्यांत एकहि होतकरू वर्गणीदार नव्हता असें म्हणणेंहि तितकेंच खोटें. शिवाय कागदाची प्रत हातोहात फिरावयास निदान वेळ तरी लागतो, आणि फिरतां फिरतां ती झिजते. संगणकीय खेळाची प्रत झिजत नाहीं, आणि एका रात्रींत ती हजारों घरीं पोंचते. म्हणून उसनवारीचा जुना न्याय येथें पुरता लागू पडत नाहीं.

याचा एक मासलेवाईक दाखला २०१३ सालीं मिळाला. ऑस्ट्रेलियांत दोघा भावांनीं स्थापिलेल्या ग्रीनहार्ट गेम्स या लहानशा संस्थेनें ‘गेम डेव्ह टायकून’ नांवाचा खेळ काढला. त्यांत खेळाडूनें स्वतःच खेळ बनविण्याचा कारखाना काढावयाचा, माणसें नेमावयाचीं, आणि भांडवल जपून धंदा वाढवावयाचा. म्हणजे हाहि डावपेचच, फक्त रणांगणावरचा नव्हे, पेढीवरचा. किंमत सुमारें आठ डॉलर, आणि खेळास कुलूप मुळींच नाहीं. विक्री सुरू होतांच त्या भावांनीं आपल्याच खेळाची एक ‘चोरटी’ प्रत स्वतः इंटरनेटवर सोडून दिली. ती मुळाबरहुकूमच होती. फरक इतकाच कीं, कांहीं काळ खेळल्यावर कारखान्याच्या मालकास कळावें कीं आपला माल लोक फुकट उतरवून घेत आहेत, आणि मग कितीहि चांगला खेळ बनविला तरी अखेर पेढी बुडावी. एका दिवसानंतर मोजदाद झाली. एकंदर खेळणारे ३३१८. त्यांत पैसे दिलेले २१४ आणि चोरट्या प्रतीवर खेळणारे ३१०४. म्हणजे शेंकडा त्र्याण्णवांहून अधिक लोक फुकटे निघाले.

पुढील भाग याहून बोधप्रद आहे. चोरट्या प्रतीवर खेळणाऱ्यांपैकीं कित्येकांनीं उघडपणें तक्रार मांडली कीं, या खेळांत लोकांच्या चोरीमुळें आमचें दिवाळें निघतें, यावर कांहीं उपाय आहे काय? जी चोरी ते खुर्चींत बसून करीत होते, तीच पडद्यावर आपल्या पेढीस भोंवतांच त्यांस तो अन्याय वाटूं लागला. दुसऱ्याच्या पेटींतील पोकळी दिसत नाहीं, आपल्या पेटींतील तेवढी दिसते, हें मनुष्यस्वभावाचें जुनें लक्षण त्या आठ डॉलरांच्या खेळानें पुनः एकदां उघडें केलें.

एवढ्यावरून कोणी असें अनुमान काढील कीं, कुलपावांचून धंदा चालणेंच अशक्य. परंतु अमेरिकेंतील मिशिगन संस्थानांत असलेल्या स्टारडॉक या संस्थेची हकीकत याच्या अगदीं उलट आहे. या संस्थेनें २००६ सालीं ‘गॅलॅक्टिक सिव्हिलायझेशन्स २’ हा नक्षत्रलोकांतील साम्राज्यांचा खेळ कुलपाशिवाय बाजारांत आणला. त्यावेळीं खेळांसाठीं कुलपें बनवून विकणाऱ्या स्टारफोर्स या रशियन संस्थेच्या एका नोकरास ही गोष्ट इतकी झोंबली कीं, या खेळाची चोरटी प्रत कोठें मिळते याचा पत्ताच त्यानें जाहीरपणें देऊन टाकला. कुलपें विकणारानें चोरांस घर दाखवावें, असा हा प्रकार झाला, आणि त्याचा बराच गवगवा झाला. स्टारडॉकनें आपलें धोरण सोडलें नाहीं. २००८ च्या फेब्रुवारींत कॅनडांतील आयर्नक्लॅड या मंडळीनें बनविलेला ‘सिन्स ऑफ अ सोलर एम्पायर’ हा खेळ तिनें त्याच रीतीनें प्रसिद्ध केला, आणि त्याच वर्षांत त्याच्या पांच लाखांवर प्रती खपल्या. खेळ बनविण्यास दहा लक्ष डॉलरहि लागले नव्हते, हें लक्षांत घेतलें म्हणजे या यशाचें मोल कळेल.

संस्थेचे प्रमुख ब्रॅड वॉर्डेल यांची विचारसरणी साधी होती. जो पैसे देत नाहीं तो आपलें गिऱ्हाईक नव्हे. म्हणून खेळ बनवितांना त्याच्यासाठीं झुरावयाचें नाहीं आणि त्याच्यापायीं गिऱ्हाइकास छळावयाचें नाहीं. गिऱ्हाईक कोण, त्याच्या घरचा संगणक कितपत दमाचा, त्यास काय हवें, हें पाहावें, आणि त्याच्या पुरतें उत्तम करावें. डिस्कवर कुलूप नको. मात्र पुढें ज्या सुधारणा निघतील त्या ज्यानें खेळ विकत घेतला आहे त्यासच, त्याच्या खरेदीचा क्रमांक पाहून, द्याव्या. यांतील मर्म असें कीं, चोरास मिळते ती एका दिवसाची प्रत, आणि गिऱ्हाइकास मिळतो तो वाढता खेळ. ज्या खेळाची गोडी वर्ष-दोन वर्षें टिकते, त्याच्या बाबतींत हा फरक मोठाच पडतो.

परंतु याच संस्थेस दुसऱ्या वर्षीं निराळा अनुभव आला, आणि तो झांकून ठेवणें प्रामाणिकपणाचें होणार नाहीं. २००९ च्या एप्रिलांत तिनें ‘डेमिगॉड’ नांवाचा, डावपेच व हातघाई यांची सांगड घातलेला खेळ काढला. तो मुख्यतः इंटरनेटवर इतरांशीं सामना देण्याकरितां होता. आरंभींच सुमारें एक लाख वीस हजार संगणक संस्थेच्या सर्व्हरशीं बोलूं लागले, आणि त्यांत पैसे दिलेले खेळाडू निघाले सुमारें अठरा हजार! चोरट्या प्रतींना आंत खेळतां येत नव्हतें. पण दार ठोठावण्यास त्यांना कोणी अडविलें नव्हतें. लग्नाच्या पंगतींत निमंत्रित दोनशें आणि दारांत गर्दी तेराशेंची, अशी अवस्था झाली. आणि ज्यांनीं रीतसर पैसे मोजले होते त्यांस सामना जुळेना, जुळला तर टिकेना. खेळाविषयीं पहिले अभिप्राय लिहिले गेले ते याच दिवसांत. चोर गिऱ्हाईक नसला तरी तो गिऱ्हाइकाची वाट अडवूं शकतो, हें यावरून दिसून आलें. ‘आमच्या फुकट खेळण्यानें कोणाचें काय बिघडतें’ असें म्हणणारांनीं त्या अठरा हजारांस विचारून पाहावें.

आतां कुलपांचा विचार करूं. जर्मनीच्या ब्लू बाइट या संस्थेनें १९९८ सालीं ‘सेटलर्स ३’ नांवाचा वसाहती वसविण्याचा खेळ काढला, तेव्हां त्यांत एक गमतीची खोड घालून ठेवली होती. प्रत चोरटी आहे असें खेळाच्या ध्यानीं आलें, कीं त्यांतील लोखंडाच्या भट्ट्यांतून लोखंडाऐवजीं डुकरें बाहेर पडूं लागत! लोखंड नाहीं म्हणजे शस्त्रें नाहींत, शस्त्रें नाहींत म्हणजे सैन्य नाहीं. आणि फुकट मिळालेलें राज्य डुकरांच्या कळपांत बुडून जाई. हें कुलूप चोरास हंसत हंसत शिक्षा करी, आणि सज्जनास त्याची गांठ सहसा पडत नसे. पुढें २००१ सालीं ही संस्था युबिसॉफ्ट या बड्या फ्रेंच कंपनीच्या ताब्यांत गेली, आणि त्याच घराण्याचा सातवा खेळ २०१० सालीं आला तो फार निराळें कुलूप घेऊन. खेळ घरांत एकट्यानें खेळावयाचा असला तरी संगणक सर्व काळ इंटरनेटवरून कंपनीच्या सर्व्हरशीं जोडलेला पाहिजे, असा दंडक या कंपनीनें त्या वर्षीं आपल्या अनेक खेळांस लावला. मार्च महिन्यांत तिच्या सर्व्हरांवर बाहेरून हल्ला झाला, सर्व्हर कोलमडले, आणि ‘सायलेंट हंटर ५’ हा पाणबुड्यांचा खेळ रोख पैसे देऊन घेतलेल्या कित्येकांस तो आपल्याच घरीं उघडतां येईना. ज्यांनीं कुलूप मोडलेली प्रत मिळविली त्यांना मात्र कसलाच अडथळा राहिला नाहीं. सावकारास दाराबाहेर ठेवून चोरास आंत घेणारें हें कुलूप कंपनीनें अखेर २०१२ सालीं सोडून दिल्याचें जाहीर केलें.

या प्रसंगाचा विक्रीहून अधिक परिणाम झाला तो निष्ठेवर. जो माणूस पैसे देऊन घेतो त्याच्या मनांत वस्तूबरोबर एक अभिमानहि येतो: आपण सरळ मार्गानें वागलों. त्याच माणसास जर पदोपदीं झडती द्यावी लागली, आणि शेजारचा फुकट्या निर्धास्त खेळतांना दिसला, तर तो अभिमान ओशाळा होतो. मग पुढच्या खेपेस त्याला फुकट्यांच्या वाटेकडे ढकलण्यास दुसऱ्या कोणाची गरज उरत नाहीं.

विद्वानांनीं या प्रश्नाचें मोजमापहि केलेलें आहे. युरोपीय आयोगानें एका डच संस्थेकडून सहा देशांतील सुमारें तीस हजार लोकांची पाहणी करविली. तिचा अहवाल २०१५ सालीं तयार झाला, पण लोकांपुढें आला तो २०१७ सालीं, युरोपीय संसदेच्या एका सदस्याच्या पाठपुराव्यानें. नव्या गाजलेल्या चित्रपटांची विक्री चोरीमुळें घटते, असें त्या पाहणींत दिसलें. परंतु खेळांच्या बाबतींत तसा पुरावा मिळाला नाहीं, उलट फुकट खेळणारे पुढें विकत घेण्याकडे वळतात, असाच कल आढळला. पैसे देणारास अधिक कांहीं तरी देऊं करण्याची खेळ विकणारांची हातोटी हें त्याचें एक संभाव्य कारण म्हणून सांगण्यांत आलें. याच्या उलट बाजूचें एक संशोधन अमेरिकेंत २०२४ सालीं प्रसिद्ध झालें. डेनुवो नांवाचें सध्यांचें प्रबळ कुलूप ज्यांना लावलें होतें अशा ८६ खेळांचा त्यांत अभ्यास आहे. कुलूप पहिल्याच आठवड्यांत मोडलें तर उत्पन्नांत सरासरीनें सुमारें एक-पंचमांश घट येते, आणि बारा आठवड्यांनंतर मोडलें तर घट जवळजवळ नाहींच, असा त्याचा निष्कर्ष आहे. हे दोन निष्कर्ष परस्परविरुद्ध वाटले तरी आमच्या मतें ते एकाच वस्तुस्थितीच्या दोन बाजू आहेत. पहिल्या कांहीं आठवड्यांत चोरीनें खरीच हानि होते, आणि ती ज्याच्याजवळ दुसऱ्या खेळाचा आधार नाहीं अशा लहान कर्त्यास अधिक लागते. त्यानंतर मात्र खेळाचें भवितव्य कुलपावर राहत नाहीं. तें कर्ता आणि खेळाडू यांच्यांत जडलेल्या संबंधावर राहतें.

हा संबंध कसा जडतो, याचें उत्तम उदाहरण दक्षिण कोरियांत पाहावयास मिळालें. ‘स्टारक्राफ्ट’ निघाला त्याच सुमारास तो देश मोठ्या आर्थिक संकटांतून जात होता, आणि गल्लोगल्लीं तासाच्या भाड्यानें संगणक वापरावयास देणारीं दुकानें निघत होतीं. खेळाच्या कर्त्या ब्लिझर्ड कंपनीनें दोन गोष्टी शहाणपणाच्या केल्या होत्या. एक, विकत घेतलेल्या एका सीडीवरून मित्रांच्या संगणकांवर तात्पुरती, मर्यादित प्रत बसवून मिळून आठ जणांपर्यंत एकत्र खेळण्याची तिनें उघड परवानगी दिली होती. म्हणजे उसनवारीस तिनें चोरी ठरविलें नाहीं. दुसरी, तिच्या ‘बॅटल डॉट नेट’ या इंटरनेटवरील आखाड्यांत उतरावयाचें तर प्रत्येकाचा खरेदीचा क्रमांक तपासला जाई. घरीं एकट्यानें खेळणारा चोरट्या प्रतीवर भागवूं शके, पण ज्याला बरोबरीच्या खेळाडूशीं झुंजावयाचें त्याला खरी प्रत घ्यावीच लागे. कारण डावपेचाच्या खेळाची खरी गोडी प्रतिस्पर्ध्यांत असते. बुद्धिबळाचा पट चोरून आणतां येईल, पण समोर बसणारा माणूस चोरून आणतां येत नाहीं. परिणामीं २००७ सालापर्यंत जगांत खपलेल्या सुमारें ९५ लाख प्रतींपैकीं ४५ लाख एकट्या कोरियांत खपल्या. त्या खेळाचे सामने तेथें दूरचित्रवाणीवर दाखविले जाऊं लागले, आणि त्यांतील खेळाडू आपल्याकडील क्रिकेटपटूंसारखे लोकांच्या तोंडीं झाले. २०१७ सालीं कंपनीनें तो जुना खेळ सर्वांसाठीं फुकट करून टाकला. तोंवर त्यानें आपलें मोल अनेक पटींनीं वसूल केलें होतें.

स्वीडनमधील पॅराडॉक्स या संस्थेनें हेंच तत्त्व निराळ्या रीतीनें आचरलें. ‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’ हा १४४४ सालापासून पुढील जगाच्या राजकारणाचा तिचा खेळ २०१३ सालीं निघाला, आणि दहा वर्षांहून अधिक काळ त्याच्या पुरवण्या निघत राहिल्या. प्रत्येक विकतच्या पुरवणीबरोबर सर्व खेळाडूंकरितां फुकट सुधारणाहि येत. २०१८ ची ‘धर्म’ नांवाची पुरवणी तर हिंदुस्थानासंबंधींच होती. या खेळांत मराठ्यांचें राज्य उभें करतां येतें, हें ऐकून आमच्या तरुण वाचकांस कौतुक वाटेल. अशा खेळाची चोरटी प्रत काढणाराची दमछाक होते: आज काढलेली प्रत चार महिन्यांत शिळी होते. २०१९ च्या ऑक्टोबरांत तर या संस्थेनें आपला ‘क्रुसेडर किंग्ज २’ हा मूळ खेळच फुकट केला आणि फक्त पुरवण्या विकत ठेवल्या. या पद्धतींतहि दोष आहे. पुरवण्यांची बेरीज करूं गेल्यास ती मूळ किंमतीच्या कितीतरी पट होते, आणि निष्ठावंत खेळाडूच त्याविषयीं कुरकुरतात. गाय दूध देते म्हणून तिला दिवसांतून पांच वेळां पिळूं नये, हा विवेक विकणारानेंहि राखला पाहिजे.

आतां आपल्या घरांकडे वळूं. इंटरनेट मंद होतें त्या काळीं मुंबईच्या लॅमिंग्टन रस्त्यावर शे-दीडशे रुपयांत चोरट्या सीडी मिळत, आणि एका पिढीनें ‘एज ऑफ एम्पायर्स’चीं राज्यें त्यांवरच जिंकलीं व घालविलीं. त्यावेळीं अस्सल प्रत एक तर दुकानांत मिळत नसे, आणि मिळाली तर तिची किंमत मध्यम स्थितींतील कुटुंबास झेंपणारी नसे. ही सबब त्या काळापुरती आम्ही समजूं शकतों. आज ती बरीच लंगडी झाली आहे. स्टीम नांवाच्या मोठ्या इंटरनेट-दुकानांत २०१५ पासून रुपयांत किंमती लागतात. वर्षांतून अनेकदां सवलतीचे दिवस येतात, आणि चार-पांच वर्षांचे जुने उत्तम खेळ शे-दोनशे रुपयांतहि मिळून जातात. ‘आधीं चाखून पाहूं, मग घेऊं’ असें म्हणणारांसाठीं, घेतल्यापासून चौदा दिवसांचे आंत आणि दोन तासांपेक्षां कमी खेळला असल्यास, पैसे परत मिळण्याची सोय तेथें आहे. कायद्याचें म्हणाल तर १९५७ च्या कॉपीराइट कायद्यांत १९९४ सालीं घातलेल्या ६३-बी या कलमान्वयें संगणकीय आज्ञावलीची चोरटी प्रत जाणूनबुजून वापरणें हाहि गुन्हाच आहे. त्याला सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड सांगितला आहे. धंद्याच्या लाभासाठीं वापर नसेल तर न्यायालय कैद माफ करून पन्नास हजारांपर्यंत दंडावर सोडूं शकतें, इतकाच दिलासा. परंतु आमचा भर कायद्यावर नाहीं. पोलिसाच्या भयानें जो चोरी करीत नाहीं त्याला घरचे संस्कार असें कोणी म्हणत नाहीं.

आमचा भर एका साध्या गोष्टीवर आहे. डावपेचाचा खेळ खेळणारा मुलगा त्यांत काय शिकतो? साधनें मर्यादित आहेत, प्रत्येक वस्तूस मोल पडतें, आज धान्य उधळलें तर उद्यां सैन्य उपाशी राहील, केलेला तह मोडला तर शेजारी पुनः विश्वास ठेवणार नाहीं, हेंच कीं नाहीं? ज्या खेळाचा सारा आत्मा मोल आणि विश्वास यांत आहे, तो खेळच बिनमोल व विश्वास मोडून मिळवावा, यांतील विसंगति मुलांच्या लक्षांत आणून दिल्यास त्यांना ती कळते. मुलें न्यायाच्या बाबतींत वडिलांपेक्षां तीक्ष्ण असतात. त्यांना रागें भरण्यापेक्षां खालील गोष्टी कराव्या असें आम्ही सुचवितों. दर दोन महिन्यांस एक खेळ, असा मुलांच्या खर्चांत एक रकाना असूं द्यावा. कोणता घ्यावयाचा तें भावंडांनीं आपसांत ठरवावें, आणि सवलतीचा दिवस येईतों थांबण्याची सवय लावावी. थांबणें हाहि डावपेचच आहे. पैसे वडिलांनीं गुपचूप न भरतां मुलांच्या देखत, त्यांच्या सांठलेल्या रकमेंतून भरावे. नवा खेळ परवडत नसेल तर कर्त्यांनीं स्वखुषीनें फुकट केलेले ‘स्टारक्राफ्ट’सारखे जुने खेळ आहेतच, त्यांत कमीपणा नाहीं. आणि एखादा खेळ पैसे देऊनहि नीट चालला नाहीं, तर चोरट्या प्रतीकडे न वळतां कर्त्यास पत्र लिहून तक्रार करावयास मुलांस शिकवावें. निष्ठावंत गिऱ्हाइकाचा तो हक्क आहे, आणि तो फुकट्यास कधींच नसतो.

पेटी रिकामी न होतां जें जातें तें काय, असा प्रश्न आम्हीं आरंभीं केला होता. जातो तो पुढचा खेळ. पहिल्या महिन्याच्या उत्पन्नावर ज्यांची पुढील वर्षाची चूल अवलंबून असते असे दोन-चार होतकरू कर्ते दुसऱ्या नोकरीस लागतात, आणि जो खेळ त्यांनीं बनविला असता तो कोणासच, फुकटहि, मिळत नाहीं.